जुन्या गाडीचे नवे चाक

बैलगाडीचे चाक करणाऱ्या गावच्या सुताराला ते चाक कोणाच्या गाडीला लागणार हे ठाऊक असे. आसाची जाडी पाहून तो तुंब्याचे भोक कोरी, आणि लोहारही लाकडी चाकाचा परीघ मोजल्यावाचून लोखंडी धाव तापवावयास घेत नसे. चाक आणि गाडी यांची गाठ चाक जन्माला येण्यापूर्वीच पडलेली असे. मोटारीच्या बाबतीत ही गाठ गाडीचा कारखानदार घालून देतो. परंतु गाडी जुनी होते, तिचे उत्पादन बंद पडते, आणि एखाद्या पावसाळी रात्री खड्ड्यात आदळून तिची रिम वाकते, तेव्हा नवे चाक निवडण्याचे काम मालकावर येऊन पडते. या कामासाठी लागणारी मापे त्याला कोणी सांगितलेली नसतात. तो दुकानात जातो, दुकानदार एक चकचकीत रिम पुढे करतो, ती गाडीला लावून दाखवितो आणि म्हणतो, "बसली की!" बहुतेक व्यवहार या दोन शब्दांवरच पुरे होतात.

वस्तुतः चाक बसणे निराळे आणि चाक जुळणे निराळे. जे चाक मुळीच बसत नाही ते कोणाचा घात करीत नाही. ते दुकानातच राहते. घात करते ते बसल्यासारखे वाटणारे चाक. दिसते तसे नसते म्हणून जग फसते, ही म्हण चाकांच्या बाजारात शब्दशः खरी ठरते.

काटेकोर बोलावयाचे तर रिम म्हणजे टायर ज्यावर चढतो ते बाहेरचे कडे. पण बाजारात सबंध धातूच्या चाकालाच रिम म्हणतात, आणि येथेही तो शब्द त्याच अर्थाने घेतला आहे. उदाहरणादाखल एक गाडी घेतली म्हणजे विषय स्पष्ट होईल. पाठीमागचे दार वर उचलून उघडणाऱ्या ज्या लहान गाड्यांना हॅचबॅक म्हणतात, त्यांपैकी फियाटची पॅलिओ २००१ साली भारतात विक्रीस आली. तिचे उत्पादन बंद होऊन बरीच वर्षे लोटली आहेत. तरी तिच्या मजबूत बांधणीवर लोभ जडलेले मालक अजूनही ती सांभाळून आहेत. अशा मालकाला रिम बदलावयाची झाली, तर त्याच्यापुढे उभा राहणारा पहिलाच प्रश्न केवळ दोन मिलिमीटरांचा असतो.

पॅलिओचे चाक चार बोल्टांनी आवळलेले असते. हे चारही बोल्ट एका काल्पनिक वर्तुळावर असतात. त्या वर्तुळाच्या व्यासाला धंद्यात पी. सी. डी. म्हणतात. पॅलिओमध्ये हा व्यास ९८ मिलिमीटर आहे. फियाटच्या लहान गाड्यांत हे माप पुष्कळ वर्षे रूढ होते. याउलट भारतात मोठ्या संख्येने विकल्या गेलेल्या सँट्रो, स्विफ्ट यांसारख्या गाड्यांत ते १०० मिलिमीटर आहे. साहजिकच बाजारात १०० च्या रिमांचे ढीग दिसतात आणि ९८ ची रिम शोधावी लागते. मारुती ८०० चे माप ११४.३ मिलिमीटर, म्हणजे साडेचार इंच. ही रिम पॅलिओला लावू गेल्यास एक बोल्टही आत जाणार नाही, आणि म्हणूनच तिच्यापासून धोका नाही. परंतु ९८ आणि १०० यांतील फरक डोळ्यांना दिसत नाही. आणि थोडे रेटले की चारही बोल्ट आत जातात.

आत गेल्यावर काय होते हे समजून घेणे अगत्याचे आहे. व्यासातील फरक दोन मिलिमीटरांचा, म्हणून चाक बरोबर मध्यावर धरले तर प्रत्येक बोल्ट आपल्या छिद्राच्या मध्यापासून एक मिलिमीटर आतल्या अंगास राहतो. पण बोल्टाचे डोके शंकूच्या आकाराचे असते, आणि त्याची बैठकही तशीच असते. त्यामुळे पहिला बोल्ट पूर्ण आवळला की तो चाकाला आपल्याकडे ओढतो, चाक एक मिलिमीटर सरकते, आणि समोरच्या बोल्टाचा मेळ सरळ दोन मिलिमीटरांनी चुकतो. पाना जोराने फिरविल्यावर तोही घट्ट झाल्यासारखा वाटतो. ती घट्टपणाची जाणीव फसवी असते. बोल्टाचे डोके बैठकीवर सर्व बाजूंनी टेकलेले नसून एकाच कडेला टेकलेले असते, आणि बोल्ट किंचित वाकलेला असतो.

येथे एक गैरसमज दूर केला पाहिजे. गाडीचे चाक बोल्टांवर टांगलेले असते अशी सर्वसाधारण समजूत आहे. प्रत्यक्षात चाकाला जागेवर धरून ठेवते ते रिमची पाठ आणि हबचा तळ यांच्यामधील घर्षण. बोल्टाचे काम त्या दोहोंना प्रचंड जोराने एकत्र दाबून ठेवण्याचे. आवळलेला बोल्ट अत्यंत ताठ अशा स्प्रिंगप्रमाणे किंचित ताणलेला असतो, आणि तो ताण हीच त्याची शक्ती होय. बोल्ट तिरका बसला की आवळण्याचा बराचसा जोर ताणाऐवजी त्याला वाकविण्यात खर्ची पडतो. पुढे कडेवर टेकलेला धातू दबतो, ताण कमी होतो आणि बोल्ट सैल होऊ लागतो. लहान गाडीचे चाक एका किलोमीटरात सुमारे ५४० वेळा फिरते. शंभर किलोमीटरांच्या प्रवासात असे ५४ हजार फेरे झाले, म्हणजे तितक्याच वेळा तो वाकलेला बोल्ट मागेपुढे लवला. लोखंडाची तार वारंवार वाकवून तोडण्याचा खेळ लहानपणी सर्वांनीच केलेला असतो. येथे तोच खेळ चाकाच्या आत, मालकाच्या नकळत चालू राहतो.

म्हणून पहिले काम मोजमापाचे. चार छिद्रांच्या रिमवर हे माप घेणे कठीण नाही. एका छिद्राच्या बाहेरील कडेपासून समोरच्या छिद्राच्या आतील कडेपर्यंतचे अंतर नीट मोजले, की छिद्रे सारखी असल्यास तोच वर्तुळाचा व्यास मिळतो. मात्र बैठकीचा उतार मापात येऊ नये म्हणून हे माप रिमच्या पाठीकडून घ्यावे. शेजारच्या दोन छिद्रांच्या मध्यांमधील अंतर पडताळून पाहिल्यास ९८ च्या रिममध्ये ते ६९.३ आणि १०० च्या रिममध्ये ७०.७ मिलिमीटर येईल. शिंप्याच्या टेपने हे काम होणार नाही. त्यासाठी व्हर्नियर कॅलिपरच हवा. पुष्कळदा रिमच्या पाठीवर हे माप ठशातही असते, आणि तो ठसा वाचण्याचा आग्रह ग्राहकाने अवश्य धरावा.

दुसरे माप मधल्या भोकाचे. हबच्या मध्यभागी एक गोल उंचवटा असतो. रिमचे मधले भोक त्यावर घट्ट बसावे, म्हणजे चाक आपोआप मध्यावर येते. पॅलिओच्या हबसाठी हे भोक ५८.१ मिलिमीटर लागते. ह्युंदाईच्या अनेक लहान गाड्यांच्या मूळ रिमचे भोक ५४.१ असल्यामुळे ती रिम या हबवर टेकणारच नाही. काही ठिकाणी ते भोक लेथवर मोठे करून देतात. पण त्या कामात रिमचा मध्य ढळण्याची आणि रिम कमजोर होण्याची भीती असते. उलट सुट्या विकल्या जाणाऱ्या मिश्रधातूच्या रिमांची भोके मुद्दाम मोठी, पुष्कळदा ६७.१ किंवा ७३.१ मिलिमीटर, ठेवलेली असतात, जेणेकरून एकच रिम अनेक गाड्यांना चालावी. अशी रिम घेतली तर मधली पोकळी भरून काढणारे योग्य मापाचे कडे घालावयास हवे. ते नसेल तर चाक बोल्टांच्या भरवशावर मध्यावर येते. ते थोडे जरी सरकले तरी साठ-सत्तरच्या वेगाला स्टिअरिंग थरथरू लागते, आणि मालक बॅलन्सिंगवर पैसे खर्चीत बसतो. हे लहानसे कडे साक्षीदाराचेही काम करते. कडे घालून चाक मध्यावर आणले आणि तरीही बोल्ट हाताने सरळ फिरेनासे झाले, तर पी. सी. डी. चुकली आहे हे ते तत्काळ सांगते.

तिसरी बाब बोल्टांची. बोल्टाची जाडी व आट्यांचे अंतर मूळ हबशी जुळले पाहिजे हे उघड आहे. परंतु दोन गोष्टींकडे दुर्लक्ष होते. पहिली, बैठकीचा आकार. काही रिमांची बैठक शंकूसारखी उतरती, काहींची वाटीसारखी गोलाकार, तर काहींची सपाट असते. शंकूच्या बैठकीत गोल डोक्याचा बोल्ट घातला तर तो एका बारीक रेषेवरच टेकतो. दुसरी, बोल्टाची लांबी. पत्र्याच्या रिमचा तळ पातळ असतो आणि मिश्रधातूच्या रिमचा जाड. जुन्या रिमचेच बोल्ट नव्या जाड रिमला वापरले तर ते हबमध्ये फारसे शिरत नाहीत. बोल्टाच्या जाडीइतकी तरी लांबी आट्यांत गुंतावी असा सर्वसाधारण दंडक आहे. १२ मिलिमीटर जाडीच्या आणि सव्वा मिलिमीटर आट्यांच्या बोल्टाला याचा अर्थ सुमारे दहा पूर्ण फेरे असा होतो. बोल्ट फार लांब असले तरी धोका आहेच. मागील ड्रम ब्रेकमध्ये त्यांची टोके आतील भागांवर घासू शकतात.

दोन मिलिमीटरांचा फरक भागविण्यासाठी ज्यांच्या डोक्याखालची शंकूची कडी सुटी असून थोडी सरकते असे खास बोल्टही मिळतात. ती युक्ती निराधार नाही. मात्र बोल्ट खात्रीच्या उत्पादकाचे असावेत, त्यांची लांबी बरोबर असावी आणि मधले कडे घातलेले असावे, या तिन्ही अटी पाळल्या तरच तिचा विचार करावा. त्यापेक्षा जुन्या बाजारात मूळ ९८ ची सुस्थितीतील रिम महिनाभर शोधणे अधिक शहाणपणाचे होय. हब आणि रिम यांच्यामध्ये जाड चकती घालून पी. सी. डी. बदलण्याचा आणखी एक मार्ग आहे. पण त्याने चाक चकतीच्या जाडीइतके बाहेर येते. आणि चाक बाहेर येणे म्हणजे काय, हा चौथा विषय.

रिमची रुंदी निम्मी केली असता जी मध्यरेषा मिळते, ती रेषा आणि रिमचा हबला टेकणारा तळ यांमधील अंतराला ऑफसेट म्हणतात. रिमवर ते इ. टी. या अक्षरांपुढे मिलिमीटरांत लिहिलेले असते. ही अक्षरे 'आइनप्रेसटीफ' या जर्मन शब्दावरून आलेली आहेत. आकडा जितका मोठा, तितके चाक गाडीच्या पोटात शिरते. जितका लहान, तितके ते बाहेर डोकावते. समजा, मूळ रिम साडेपाच इंच रुंद आणि इ. टी. ४० ची आहे, आणि दुकानदार साडेसहा इंच रुंद, इ. टी. ३५ ची रिम दाखवीत आहे. आकडे जवळपास सारखेच वाटतात. हिशेब केला तर नव्या रिमची आतली कड सस्पेन्शनच्या बाजूस ७.७ मिलिमीटर सरकते, आणि बाहेरची कड तब्बल १७.७ मिलिमीटर बाहेर येते. एकटा चालक शहरात फिरतो तोवर काही जाणवत नाही. पण पाच माणसे आणि सामान घेऊन हीच गाडी बेळगावहून चोर्ला घाटाने गोव्याकडे उतरू लागली, की वळणावर तिची एक बाजू खाली दबते आणि टायर मडगार्डच्या कडेवर घासतो. शिवाय चाक बाहेर आल्याने बेअरिंगवरचा भार वाढतो आणि खड्ड्याचा हिसका स्टिअरिंगपर्यंत अधिक जोराने पोहोचतो. रुंदी मोजतानाही सावध असावे. रिमची रुंदी म्हणजे टायरची कड जेथे टेकते त्या दोन जागांमधील अंतर. बाहेरून बाहेर मोजल्यास ते सुमारे एक इंचाने अधिक भरते, आणि साडेपाचची रिम साडेसहाची समजून घेतली जाते.

पाचवी गोष्ट व्यासाची. मोठी रिम दिसावयास ऐटदार दिसते यात शंका नाही. परंतु रिम मोठी झाली तर टायरची उंची त्या प्रमाणात कमी झाली पाहिजे, म्हणजे चाकाचा एकूण व्यास पूर्वीइतकाच राहील. १६५/८० आर १३ या टायरचा एकूण व्यास सुमारे ५९४ मिलिमीटर भरतो. त्याऐवजी १५ इंची रिमवर १८५/६० चा टायर घातला तर तो ६०३ होतो. म्हणजे वाढ दीड टक्का. १९५/५० चा घातला तर ५७६, म्हणजे तीन टक्क्यांहून अधिक घट. मूळ व्यासापासून तीन टक्क्यांपलीकडे जाऊ नये असा संकेत आहे. कारण वेगाचा काटा, किलोमीटरांची नोंद आणि गिअरचे गणित हे सारे त्या व्यासावर आधारलेले असते. चाक मोठे झाले तर काटा ८० दाखवीत असताना गाडी त्याहून वेगाने धावत असते. टायरवर भारक्षमतेचा अंकही असतो. ८३ म्हणजे ४८७ किलोग्रॅम, ७९ म्हणजे ४३७. मूळ टायरपेक्षा कमी अंकाचा टायर स्वस्त मिळाला तरी घेऊ नये. आणि टायरची उंची जितकी कमी, तितका खड्ड्याचा मार थेट रिमवर बसतो, ही गोष्ट आपल्याकडील पावसाळ्यातील रस्ते पाहता विसरून चालणार नाही. ज्या कारणाने पहिली रिम वाकली, त्याच कारणाने दुसरी लवकर वाकावी, असा सौदा कोण करील?

ही मापे जुळली म्हणजे वस्तूची पारख उरते. जुनी रिम घेताना तिचा रंग पाहू नये, पाठ पाहावी. मिश्रधातूच्या रिमला वाकविले तर ती पुष्कळदा तडकते, आणि तडा आरीच्या मुळाशी किंवा आतील कडेस असतो. तेथे वेल्डिंगची खूण दिसली तर ती रिम कितीही स्वस्त असली तरी परत करावी. पत्र्याच्या रिमचा तळ गंजाने खाल्लेला नसावा, आणि बोल्टांची छिद्रे लांबट झालेली नसावीत. बॅलन्सिंगच्या यंत्रावर रिकामी रिम फिरवून पाहिली की ती लचकते की नाही हे दोन मिनिटांत कळते. नव्या रिमवर भारमर्यादेचा आकडा आणि मानकाची खूण शोधावी. जपानी मानकाची जे. डब्ल्यू. एल. ही अक्षरे पुष्कळ रिमांवर आढळतात. मात्र खूण नकलीही असू शकते, म्हणून पावती देणाऱ्या दुकानातूनच खरेदी करावी. गाडीच्या मूळ तपशिलाशी विसंगत फेरफार करण्यास मोटार वाहन कायदा, १९८८ याच्या ५२ व्या कलमाने मर्यादा घातल्या आहेत. तेव्हा मूळ मापापासून दूर जाण्यापूर्वी परिवहन कार्यालयाकडे चौकशी करावी, आणि विमा कंपनीला त्याची लेखी कल्पना द्यावी. नाही तर अपघातानंतर भरपाईच्या वेळी नवीन वाद उभा राहतो.

शेवटी प्रत्यक्ष बसविण्याचे काम. हबचा तळ तारेच्या ब्रशने घासून गंज काढावा. चारही बोल्ट प्रथम हातानेच फिरवावेत. जो बोल्ट हाताने सरळ जात नाही, त्याला पाना लावून दटावू नये. मग ते समोरासमोर, थोडे थोडे आवळावेत, आणि अखेरचा जोर गाडीच्या पुस्तिकेत दिलेल्या मापाप्रमाणे टॉर्क पान्याने द्यावा. चाक हाताने फिरवून ब्रेकला कोठे घासते का ते पाहावे. स्टिअरिंग दोन्ही बाजूंना पूर्ण वळवून आणि मागे माणसे बसवूनही पाहावे. पन्नास ते शंभर किलोमीटर गेल्यानंतर बोल्ट पुन्हा तपासावेत. आणि स्टेपनीला विसरू नये. चार चाके मिश्रधातूची झाली आणि स्टेपनी जुन्या पत्र्याची राहिली, तर तिला तिचे जुने आखूड बोल्टच लागतात. ते चार बोल्ट एका पिशवीत घालून डिकीत ठेवलेले नसतील, तर रात्री घाटात पंक्चर झालेल्या माणसाजवळ चाक असून नसल्यासारखे होते.

हे सारे ऐकून एखाद्याला वाटेल, एका रिमसाठी केवढा हा खटाटोप! पण हा खटाटोप म्हणजे एका कागदावर लिहिलेले सहा-सात आकडे एवढाच आहे: छिद्रे किती, पी. सी. डी. किती, मधले भोक केवढे, बोल्टाची जाडी, लांबी व बैठक कोणती, रुंदी व ऑफसेट किती, आणि टायरचे माप व भार काय. गाडीच्या कागदपत्रांच्या पाकिटात हा कागद जपून ठेवणारा मालक दुकानात गेला, म्हणजे "बसते का?" असे विचारीत नाही, तो "जुळते का?" असे विचारतो, आणि उत्तर स्वतः मोजून घेतो. जुनी गाडी सांभाळणे ही हौस असेल, काटकसर असेल किंवा निव्वळ माया असेल. परंतु तिच्यात घरची माणसे बसतात, आणि रस्त्याशी त्यांचा संबंध चार तळहातांएवढ्या जागेपुरताच असतो. त्या जागेचा भार ज्या चार बोल्टांवर आहे, ते सरळ बसले आहेत एवढी खात्री करून घेणे हे त्या मायेचेच काम होय.